शॉर्ट नोट्समधली माणसे

अभियांत्रिकीच्या तिसऱ्या वर्षाला आम्हांला कम्प्युटर ग्राफिक्स नावाचा विषय होता आणि त्याच्या प्रश्नपत्रिकेतला शेवटचा प्रश्न ठरलेला असे : शॉर्ट नोट्स लिहा, कोणत्याही तीन. त्यांत गुरो शेडिंग आणि फाँग शेडिंग यांपैकी एक तरी असायचेच, कोहेन-सदरलँडची रेषा कापण्याची रीत असायची, आणि नशीब बरे असेल तर झेड-बफर असायचा, कारण तो चार ओळींत संपवता येई. 'गुरो'चा उच्चार आमच्या वर्गात कोणालाच येत नव्हता. आम्ही त्याला 'गौराड' म्हणत होतो, शिकवणारे सरही गौराडच म्हणत, आणि तोंडी परीक्षेला बाहेरून आलेल्या परीक्षकांनी 'गुराऊड' म्हटल्यावर तेच खरे असणार असे आम्ही समजून चाललो. 'फाँग'चा संबंध तर मी कित्येक महिने सुळा या अर्थाच्या इंग्रजी शब्दाशी जोडला होता. गोलाच्या चित्रावर पडणारा चकाकीचा ठिपका सुळ्याच्या टोकासारखा दिसतो म्हणून हे नाव पडले असावे, असा माझा स्वतःचा सिद्धान्त होता आणि तो मी एका मित्राला गंभीरपणे समजावूनही दिला होता. त्याने तो उत्तरपत्रिकेत लिहिला की नाही, हे मी कधी विचारले नाही.

प्रात्यक्षिके टर्बो सी या प्रोग्रॅम लिहिण्याच्या साधनावर होत. एक रेघ काढायची, मग एक वर्तुळ, मग त्रिकोण फिरवायचा. ग्राफिक्सची फाइल कुठे ठेवली आहे तो पथ चुकीचा दिला की पडद्यावर 'बीजीआय एरर : ग्राफिक्स नॉट इनिशिअलाइज्ड' अशी ओळ उमटे आणि अर्धा तास त्यातच जाई. रेघ उमटली की तिचा प्रिंटआउट जर्नलला चिकटवून सही घ्यायची आणि विषय संपला. त्या रेघेचा सिनेमाशी काही संबंध असेल, असे आम्हांला कोणी सांगितले नाही, आणि आम्हांलाही विचारावेसे वाटले नाही.

वास्तविक विचारायला हरकत नव्हती, कारण त्याच्या दोनच वर्षे आधी, १९९४च्या उन्हाळ्यात, 'ज्युरासिक पार्क' हिंदी बोलत आमच्या तालुक्याच्या गावी येऊन गेला होता. आम्ही मामाबरोबर गेलो होतो. पावसात चिंब झालेला तो प्रचंड प्राणी कुंपणाच्या तारा तोडून रस्त्यावर येतो, तेव्हा थिएटरातला पंख्यांचा आवाजसुद्धा थांबल्यासारखा वाटला होता. बाहेर आल्यावर धाकट्या मावसभावाने भीत भीत विचारले, "मामा, हे खरं होतं का?" मामाने विडी पेटवली आणि जाणकाराच्या थाटात सांगितले, "खरं कसलं रे, सगळं कम्प्युटरने केलंय."

या वाक्याने आमचे सगळ्यांचे समाधान झाले. आज त्या वाक्याकडे पाहताना मला त्याच्या व्याकरणाची गंमत वाटते. त्यात कर्ता आहे, पण माणूस नाही. आपल्याकडे सिनेमातल्या चमत्काराबद्दल पूर्वी असे बोलत नसत. माझी आजी 'संत तुकाराम'मधले वैकुंठगमनाचे विमान पाहताना हात जोडायची, आणि त्याच श्वासात "ट्रिकसीन आहे हो, पण काय केलाय प्रभातवाल्यांनी!" असेही म्हणायची. तिच्या वाक्यात प्रभातवाले होते. ज्यांच्यापासून आपला सिनेमा सुरू झाला, ते दादासाहेब फाळके स्वतः जादूचे प्रयोग करीत आणि त्यासाठी आपले आडनाव उलटे करून 'प्रोफेसर केल्फा' म्हणवून घेत, म्हणजे चमत्काराच्या मागे जादूगार उभा असतो हे प्रेक्षकाला माहीत असे. मामाच्या वाक्यातून तो जादूगारच नाहीसा झाला होता.

त्याचा पत्ता मला पुष्कळ वर्षांनी लागला. नोकरीच्या निमित्ताने जुने तांत्रिक निबंध वाचायची वेळ आली आणि शॉर्ट नोट्समधली नावे एकेक करून पुन्हा समोर आली. त्यांतली बरीचशी एकाच गावातून निघालेली होती. गाव म्हणजे अमेरिकेतले सॉल्ट लेक सिटी, तिथले युटा विद्यापीठ, आणि काळ साधारण १९६८ ते १९७५. डेव्हिड इव्हान्स या प्राध्यापकाने तिथे संगणकशास्त्राचा विभाग उभारला होता आणि आयव्हन सदरलँडला बोलावून घेतले होते. हाच तो आमच्या रेषा कापणाऱ्या रीतीतला सदरलँड. १९६३ साली एमआयटीत त्याने 'स्केचपॅड' हा कार्यक्रम लिहिला होता, ज्यात पडद्यावर प्रकाशलेखणी टेकवून आकृती काढता येत असे. संगणक म्हणजे छिद्रे पाडलेल्या कार्डांच्या गठ्ठ्यावर रात्रभर आकडेमोड करणारे कपाट, अशी समजूत असण्याच्या काळातली ही गोष्ट आहे. पैसा अमेरिकी संरक्षण खात्याच्या संशोधन संस्थेचा होता, आणि बरीचशी कल्पनाशक्ती विमान चालवण्याच्या प्रशिक्षणासाठी खोटे आकाश आणि खोटी धावपट्टी कशी दाखवावी या प्रश्नावर खर्च होत होती. सिनेमाचा विचार त्या इमारतीत फार थोड्या लोकांच्या डोक्यात असावा.

त्या विभागापुढचा प्रश्न सांगायला साधा होता. संगणकाला एखादी वस्तू सांगायची, तर ती आकड्यांत सांगावी लागते. प्रत्येक कोपरा किती लांब, किती उंच, किती खोल, हे तीन आकडे आणि कोणता कोपरा कोणाला जोडलेला आहे, याची यादी. आज बाजारात तयार मॉडेले मिळतात. तेव्हा जगात एकही नव्हते. मग वस्तू आणायची कुठून? या मुलांनी हाताशी जे होते ते उचलले. १९७२ साली सदरलँडच्या वर्गाने त्याच्या पत्नीची फोक्सवॅगन बीटल गाडी मोजायला घेतली. तिच्या पत्र्यावर बिंदू आणि रेषा आखल्या आणि मोजपट्ट्या घेऊन एकेका बिंदूचे अंतर लिहून काढले. त्या वेळची छायाचित्रे आहेत : उन्हात उभी असलेली, अंगभर जाळे काढलेली गाडी आणि तिच्याभोवती वाकलेली पोरे. लग्नघरासमोर नवरदेवाची गाडी सजवताना जशी गर्दी असते, अगदी तशी दिसते ती. गाडीच्या मालकिणीने त्यावर काय म्हटले असेल, ही माझी अजूनची उत्सुकता आहे.

आंरी गुरो या फ्रेंच विद्यार्थ्याने मोजण्यासाठी गाडी घेतली नाही. त्याने पत्नीचा चेहरा घेतला. तिच्या चेहऱ्यावर रेघा आखून, वेगवेगळ्या बाजूंनी छायाचित्रे काढून त्याने १९७१ साली तो संगणकात उतरवला. अडचण अशी होती की सपाट तुकड्यांनी बनलेला चेहरा पैलू पाडलेल्या खड्यासारखा दिसतो, प्रत्येक तुकडा वेगळ्या छटेचा, आणि कडा डोळ्यांत खुपणाऱ्या. गुरोने कोपऱ्यांवरची छटा काढून ती तुकड्यावर हळूहळू पसरवली आणि गाल गोल झाला. पाच गुणांच्या उत्तरात मी हेच लिहीत असे, "छटेचे आंतरगणन केले जाते". पण तो गाल कोणाचा होता, हे पाठ्यपुस्तकात नव्हते.

गुरोच्या रीतीत एक उणीव राहिली होती. चकाकी नीट पडत नसे, कारण चकाकी ही एखाद्या तुकड्याच्या मध्यभागी येऊ शकते आणि कोपऱ्यांना तिचा पत्ताच नसतो. व्हिएतनाममधून आलेल्या बुई तुओंग फाँग याने छटा पसरवण्याऐवजी पृष्ठभागाची दिशाच पसरवली आणि प्रत्येक बिंदूवर प्रकाशाचा हिशेब नव्याने मांडला. हिशेब वाढला, पण गोळ्यावर तो ओलसर, जिवंत ठिपका उमटला. व्हिएतनामी रिवाजात आडनाव आधी येते, म्हणजे बुई हे त्याचे आडनाव आणि फाँग हे घरात हाक मारायचे नाव. अमेरिकेतल्या लोकांनी शेवटचा शब्द तो आडनाव असे धरले, आणि त्यामुळे आज जगभरचे विद्यार्थी एका माणसाला नकळत पहिल्या नावाने हाक मारतात. १९७३ साली त्याचा प्रबंध झाला आणि १९७५ साली रक्ताच्या कर्करोगाने तो गेला. वयाची पस्तिशीही त्याने गाठली नव्हती. माझ्या सुळ्याच्या सिद्धान्ताची मला जी काही लाज वाटते, ती या मजकुरापाशी येऊन.

मार्टिन न्यूवेलची चहादाणी तर आता दंतकथाच झाली आहे, पण तिची गोष्ट खरी आहे. १९७५च्या सुमारास त्याला गोलाई असलेली, पण फार गुंतागुंतीची नसलेली वस्तू हवी होती. घरी चहा पिताना पत्नीने समोरच्या चहादाणीकडे बोट दाखवले. न्यूवेलने आलेखाच्या कागदावर पेन्सिलीने ती समोर ठेवून काढली आणि वक्रांचे नियंत्रणबिंदू संगणकाला दिले. निवड किती अचूक होती, हे नंतर कळले : तिला पोट आहे, कान आहे आणि त्या कानातून आरपार दिसते, तोटी आहे आणि तोटीची सावली तिच्याच पोटावर पडते. म्हणजे लपलेला भाग, गोलाई आणि सावली हे तिन्ही प्रश्न एका भांड्यात तपासता येतात. पहिल्या आकड्यांत तिला तळ नव्हता, कारण तळ कोण बघतो? आणि पडद्यावरची चहादाणी खऱ्या चहादाणीपेक्षा बुटकी आहे, कारण जिम ब्लिन या सहकाऱ्याने ती मध्येच केव्हातरी दाबली आणि मग तेच रूप रूढ झाले. खरी पांढरी चहादाणी कॅलिफोर्नियातल्या संगणक इतिहासाच्या संग्रहालयात ठेवलेली आहे, आणि तिला पाहणाऱ्याला ती उगाच उंच वाटते.

या सगळ्यांत मला सर्वांत जवळचा वाटतो, तो एड कॅटमलचा हात. कॅटमलला लहानपणापासून ॲनिमेशनचे काम करायचे होते, पण चित्र बरे काढता येत नाही असे वाटून तो भौतिकशास्त्राकडे आणि तिथून संगणकाकडे वळला होता. १९७२ साली त्याने स्वतःच्या डाव्या हाताचा प्लास्टरचा साचा घेतला. हाताला व्हॅसलिन लावायला तो विसरला होता, त्यामुळे साच्यातून हात ओढून काढताना मागच्या बाजूचे केस उपटून निघाले. त्या साच्यातून तयार झालेल्या हातावर त्याने साडेतीनशेच्या आसपास त्रिकोण आणि बहुकोन शाईने आखले, त्यांचे कोपरे मोजले, आणि फ्रेड पार्क या सहाध्यायाबरोबर जेमतेम मिनिटभराची एक फिल्म केली. बोटे मिटतात, उघडतात, एक बोट आपल्याकडे रोखले जाते. १९७६ साली 'फ्यूचरवर्ल्ड' या चित्रपटात हा हात एका मॉनिटरवर क्षणभर दिसला, आणि २०११ साली अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत या फिल्मचा समावेश झाला. ज्या झेड-बफरला मी 'चार ओळींचा' म्हणून हिणवत होतो, तोही याच कॅटमलच्या १९७४च्या प्रबंधातला आहे. पडद्याच्या प्रत्येक बिंदूशी, इथे आत्तापर्यंत जे काही दिसले ते किती खोलवर आहे, एवढेच लक्षात ठेवायचे. त्याहून जवळचे काही आले तर रंग बदलायचा, नाही तर सोडून द्यायचे. कल्पना खरोखरच चार ओळींची आहे. पण त्या काळी प्रत्येक बिंदूमागे एवढी स्मरणशक्ती खर्च करणे म्हणजे वाळवणाला चांदीची ताटे पसरण्यासारखे होते.

चित्रपटगृहापर्यंत हे सगळे पोहोचले ते फार तिरक्या वाटेने. मायकेल क्रायटनच्या १९७३च्या 'वेस्टवर्ल्ड'मध्ये युल ब्रिनरने यंत्रमानव बंदूकबाजाचे काम केले आहे, आणि त्याच्या डोळ्यांना जग कसे दिसते हे दाखवण्यासाठी जॉन व्हिटनी ज्युनियरने चित्रित फिल्मची एकेक फ्रेम संगणकाकडून वाचवून घेतली, तिचे चौकोन पाडले आणि प्रत्येक चौकोनाला एकच सरासरी रंग दिला. आज बातम्यांत चेहरा लपवायला जे करतात तेच, पण अडीच मिनिटांच्या या कामाला महिनेच्या महिने लागले. या व्हिटनीचे वडील, जॉन व्हिटनी सिनियर, यांनी महायुद्धानंतर भंगारात निघालेल्या विमानवेधी तोफांच्या नेम धरण्याच्या यंत्रांतून स्वतःचे चित्रयंत्र बनवले होते. पुढे-मागे सरकणाऱ्या विमानाचा माग काढणाऱ्या त्या दातेरी चाकांनी त्यांच्याकडे फुले आणि भोवरे काढले. या कलेच्या घराण्यात खणत गेले की कुठे ना कुठे दारूगोळा लागतोच. न्यूयॉर्कजवळच्या 'मॅगी' या कंपनीने जी पद्धत पुढे चित्रपटात वापरली, ती मुळात अणुकिरणोत्सर्ग एखाद्या वस्तूतून कसा आणि किती आरपार जाईल हे मोजण्यासाठी लिहिलेली होती. त्या गणितात किरणोत्सर्गाच्या जागी प्रकाशकिरण ठेवले, आणि चित्र तयार झाले.

१९७७च्या 'स्टार वॉर्स'मध्ये लॅरी क्यूबाने शिकागोत बसून केलेला रेषांचा नकाशा आहे, ज्यात हल्ल्यापूर्वी वैमानिकांना शत्रूच्या तळावरची चर समजावून सांगितली जाते. त्या चित्रपटातली विमाने संगणकाने काढलेली नव्हेत, ती लाकूड आणि प्लास्टिकची होती. संगणकाच्या वाट्याला फक्त तो नकाशा आला. इथे एक गोष्ट माझ्या ध्यानात आली आणि मग ती मला सगळीकडे दिसू लागली. या पहिल्या दहा वर्षांत सिनेमाने संगणकाला दिलेली भूमिका जवळजवळ नेहमी संगणकाचीच आहे. यंत्रमानवाचा डोळा, मॉनिटरवरचा हात, भिंतीवरचा नकाशा. नाटक कंपनीत नव्याने आलेल्या पोराला आधी पोराचेच काम देतात, तसे हे होते. त्याची आकृती कृत्रिम दिसली तर बिघडत नव्हते, उलट ती तशीच दिसायला हवी होती. आणि अगदी पहिली मोठी भूमिका मिळाली तीही संगणकाच्या पोटातलीच.

१९८२च्या उन्हाळ्यात दोन चित्रपट महिनाभराच्या अंतराने आले. पहिला होता स्टार ट्रेक मालिकेतला दुसरा चित्रपट. 'स्टार वॉर्स'वाल्या जॉर्ज लुकासने कॅटमलला आणि त्याच्याबरोबर ॲल्वी रे स्मिथ वगैरे मंडळींना आपल्याकडे आणले होते, आणि त्यांच्या हाती मिनिटभराचा एक प्रसंग आला : एका मृत ग्रहावर आग पसरते, ती विझते, आणि त्याखालून डोंगर, पाणी, हिरवळ उगवते. (हा प्रसंगही कथेत एका पडद्यावर दाखवलेले प्रात्यक्षिक म्हणूनच येतो, म्हणजे भूमिका तीच!) आग बिल रीव्ह्जने असंख्य कणांची केली. प्रत्येक कणाला जन्म, वेग, रंग आणि मरण. डोंगर लॉरेन कारपेंटरने केले. हा कारपेंटर आधी बोइंग या विमान कंपनीत होता. एक त्रिकोण घ्यायचा, तो थोडा वेडावाकडा मोडायचा, त्याचे तुकडे पुन्हा तसेच मोडायचे, असे करीत गेले की सह्याद्रीसारखे कातळ आपोआप उभे राहतात, हे त्याने १९८० साली संगणक-चित्रांच्या परिषदेत छोटी फिल्म दाखवून सिद्ध केले होते आणि ती फिल्म नोकरीच्या अर्जासारखीच उपयोगी पडली होती. प्रसंगाचे काम चालू असताना त्यांच्या लक्षात आले की ठरवलेल्या मार्गाने जाणारा कॅमेरा एका डोंगराच्या पोटातून आरपार जातो आहे. डोंगर पाडून नव्याने काढायला वेळ नव्हता, म्हणून कारपेंटरने त्या ठिकाणी खिंड पाडली. कसारा आणि बोरघाट ज्यांनी रेल्वेतून पाहिले आहेत, त्यांना हा उपाय परका वाटणार नाही.

त्याच प्रसंगाच्या आकाशात आणखी एक खोडी आहे, आणि ती मला फार आवडते. मागचे तारे यांनी शिंतोडे उडवून काढलेले नाहीत. खऱ्या ताऱ्यांची यादी घेऊन, सुमारे १२ प्रकाशवर्षांवरच्या एप्सिलॉन इंडी या ताऱ्याजवळून पाहिले तर आकाश जसे दिसेल, तसे ते मांडले आहे. तिथून पाहिले की सप्तर्षींत एक तारा जास्तीचा दिसतो. तो आपला सूर्य. सिनेमा पाहणाऱ्या लाखो माणसांपैकी कोणाच्या तरी हे ध्यानात येईल, अशी अपेक्षा त्यांनी ठेवली असेल असे मला वाटत नाही. देवळाच्या शिखरावर, जिथे पुजारीही चढत नाही, तिथल्या मूर्तीच्या पाठीवरचे अलंकारही पाथरवट कोरून ठेवतो, त्या जातीचे हे काम आहे.

दुसरा चित्रपट स्टीव्हन लिसबर्गरचा 'ट्रॉन'. यात माणूस संगणकाच्या आत शोषला जातो आणि तिथे खेळ खेळतो. पंधरा-वीस मिनिटांची दृश्ये पूर्णपणे संगणकाने काढलेली होती आणि ती चार वेगवेगळ्या कंपन्यांनी वाटून घेतली होती. प्रकाशाच्या मोटारसायकली मॅगीने केल्या. मॅगीचा संगणक गोल, दंडगोल, ठोकळा अशा घन आकारांची बेरीज-वजाबाकी करून वस्तू घडवत असे, म्हणून त्या मोटारसायकली तशा घोटीव, साबणाच्या वडीसारख्या आहेत. त्यांचे रूप रेखाटणाऱ्याच्या हाताइतकेच त्या गणिताच्या मर्यादेतून आले. त्या यंत्राची स्मृती २ एमबी होती आणि साठवण ३३० एमबी. माझ्या फोनमधला लग्नाचा एखादा व्हिडिओ त्यात मावला नसता. फार दूरचे काही दाखवणे परवडत नसे, म्हणून सगळे काळोखात विरघळून जाते, आणि प्रेक्षकाला वाटते की वा, काय वातावरण आहे!

हालचाल करायची तर त्यासाठी आजच्यासारखा पडदा आणि माउस नव्हता. ॲनिमेटर कागदावर आकडे लिहीत. वस्तू कुठे आहे याचे तीन आणि ती कोणत्या दिशेला कललेली आहे याचे तीन, असे एका वस्तूला एका फ्रेममागे सहा आकडे. चार सेकंदांच्या दृश्यात ९६ फ्रेम, म्हणजे एका मोटारसायकलीसाठी ५७६ आकडे, आणि ते बरोबर आहेत की नाहीत हे चित्र तयार होऊन आल्यावर कळणार. शाळेत पाढे चुकल्यावर हातावर छडी बसे, इथे मोटारसायकल भिंतीतून जात असे. संगणकाव्यतिरिक्तचा उरलेला सिनेमा तर याहून जुन्या पद्धतीचा आहे. नटांना काळ्या पडद्यासमोर कृष्णधवल चित्रित करून, एकेक फ्रेम मोठ्या पारदर्शक फिल्मवर उतरवून, मागून दिवा लावून, थरावर थर चढवून त्यांच्या अंगावरच्या चमकत्या रेषा केल्या, आणि त्यातले कितीतरी हातकाम तैवानमधल्या एका स्टुडिओत झाले. 'कम्प्युटरचा सिनेमा' म्हणून गाजलेल्या या चित्रपटात माणसांच्या हातांनी रंगवलेला भाग संगणकाच्या भागाहून कितीतरी मोठा आहे.

आणि तरीही त्या वर्षी दृश्यपरिणामांच्या ऑस्करसाठी 'ट्रॉन'ला साधे नामांकनही मिळाले नाही. लिसबर्गरने पुढे सांगितले की संगणक वापरणे म्हणजे फसवणूक, असे अकादमीला वाटले. मामाचेच वाक्य, फक्त बोलणारी माणसे मोठी. मला या प्रसंगात त्या न्यायाधीशांचा राग येत नाही, कारण त्यांना त्या ५७६ आकड्यांची वही कोणी दाखवलीच नसणार. हौसेने सांगण्यासारखी गोष्ट पुढची आहे. मॅगीत केन पर्लिन नावाचा एक तरुण काम करीत होता. संगणकाच्या चित्रांतले सगळे इतके गुळगुळीत का, याची त्याला चीड आली, आणि त्याने गणिताने घडवलेली एक शिस्तबद्ध अनियमितता शोधून काढली, जिच्यामुळे संगमरवराला शिरा, ढगाला कापूस आणि भिंतीला ओल येते. १९९७ साली अकादमीने त्याला तंत्रासाठी पुरस्कार दिला. सुबकपणाला कंटाळून केलेल्या कामाला सन्मान मिळाला, हे मला फार योग्य वाटते.

त्यानंतरचा प्रवास वस्तूंच्या पोताचा आहे, आणि तो भराभर सांगता येतो. १९८५ साली 'यंग शेरलॉक होम्स'मध्ये चर्चच्या खिडकीतला रंगीत काचेचा सरदार खाली उतरला; काच. १९८९च्या 'द ॲबिस'मध्ये समुद्राच्या पाण्याचा सोंडेसारखा स्तंभ, पाणी. १९९१च्या दुसऱ्या 'टर्मिनेटर'मध्ये वितळता धातू. १९९५च्या 'टॉय स्टोरी'त प्लास्टिकची खेळणी. जे चकाकते ते जमत होते, म्हणून कथाच चकाकणाऱ्या वस्तूंभोवती रचल्या जात होत्या. फाँगचा तो ठिपका या सगळ्यांच्या पाठीवर दिसतो.

मधल्या काळात जॉन लॅसेटर हा डिस्नेतून बाहेर पडलेला ॲनिमेटर या गणितज्ञांच्या घोळक्यात येऊन मिसळला होता. १९८४ साली मिनियापोलिसला भरलेल्या त्याच संगणक-चित्रांच्या परिषदेत त्यांनी एका मधमाशीची दोन मिनिटांची फिल्म दाखवली, तेव्हा काही भागाचे काम वेळेत संपले नव्हते आणि तिथे रंगाऐवजी नुसत्या तारांच्या आकृत्या होत्या. खेळ संपल्यावर बऱ्याच प्रेक्षकांनी सांगितले की ते ध्यानातच आले नाही. दोन वर्षांनी डॅलसला टेबलावरच्या दोन दिव्यांची फिल्म झाली. त्यानंतर चहादाणी दाबणारा तोच जिम ब्लिन लॅसेटरकडे आला. आता हा सावलीच्या गणिताबद्दल काहीतरी विचारणार आणि आपल्याला उत्तर येणार नाही, या धास्तीत लॅसेटर उभा होता. ब्लिनने विचारले, तो मोठा दिवा आई होता की बाप?

आमच्या थिएटरात पाऊस झेलत आलेल्या त्या प्राण्यापर्यंत मी परत येतो. 'ज्युरासिक पार्क'साठी स्पीलबर्गने धावत्या डायनासोरांचे काम फिल टिपेटला दिले होते, आणि टिपेटची विद्या बाहुल्या एकेक फ्रेम हलवून चित्रित करण्याची. दरम्यान लुकासच्या कंपनीतल्या काही तरुणांनी, त्यांना हे काम कोणी सांगितलेले नसताना, संगणकावर डायनासोरचा सांगाडा चालवून दाखवला. ते पाहिल्यावर आपली जात आता नामशेष झाली, अशा अर्थाचे काहीतरी टिपेट बोलून गेला आणि स्पीलबर्गने ते वाक्य चित्रपटातच घातले. पण टिपेट घरी गेला नाही. संगणकापुढे बसलेल्या मुलांना प्राणी चालतो कसा, त्याचे वजन एका पायावरून दुसऱ्यावर जाताना पाठ कशी हेलकावते, हे ठाऊक नव्हते. ते टिपेटच्या माणसांना ठाऊक होते, आणि त्यांना संगणक येत नव्हता. म्हणून धातूचा एक सांगाडा बनवला गेला, ज्याच्या प्रत्येक सांध्यात मोजणी करणारे यंत्र बसवले होते. बाहुलीवाल्याने सवयीप्रमाणे तो हातांनी थोडा थोडा हलवायचा आणि सांध्यांचे कोन आपोआप संगणकात जायचे. चित्रपटभर डायनासोर दिसतात त्यातली संगणकाची वेळ सुमारे सहा मिनिटे आहे. उरलेले बरेचसे रबर आणि यंत्रे, आणि पावसातला तो मोठा प्राणी तर काही शॉटांत खराखुरा समोर उभा होता. त्याचे स्पंजासारखे अंग पाणी पिऊन जड झाले की तो थरथर कापू लागे आणि माणसे टॉवेल घेऊन त्याला पुसत बसत.

मामा आता नाही. मावसभाऊ पुण्यात एका विमा कंपनीत आहे, आणि त्याला मी हे टॉवेलचे सांगितले तेव्हा तो बराच वेळ हसत राहिला. मग त्याने विचारले, "म्हणजे आपण ज्याला घाबरलो तो खरा होता?" अर्धा होता, असे मी म्हणालो. पण कुठला अर्धा, हे मलाही प्रत्येक शॉटला सांगता येत नाही.

त्याच रात्री आम्ही त्याच्या मुलीला कॅटमलच्या हाताची ती फिल्म दाखवली. ती दहावीत आहे, तिला सगळे भराभर पुढे सरकवायची सवय आहे, पण हे तिने पाहिले. हात फिरला, बोटे मिटली, उघडली, एक बोट आमच्याकडे रोखले गेले. मग कॅमेरा खालच्या बाजूने हाताच्या आत शिरला. आत काहीच नव्हते, फक्त साडेतीनशे तुकड्यांची पोकळ भिंत, आणि वर बोटांचे पाच बोगदे. तिने फिल्म थांबवली, आपला डावा हात दिव्यासमोर धरला आणि उलटा करून पाहू लागली.